कोठीतला आवाज

तूर वाळायला लागली की आमचं रान कुजबुजू लागतं. शेंगांतले दाणे सुटे होतात, वारा आला की खुळखुळतात, आणि सरीतून चालणाऱ्याला वाटतं की मागं कुणीतरी आपल्याबद्दल बोलतंय. माझी सत्तरी उलटली, सगळा जन्म ह्याच रानात गेला, तरी मी अजून थांबून मागं बघतो. कुणी नसतं. पुढं निघालो की पुन्हा सुरू.

स्वभावच संशयी माझा. दुकानदार हसून बोलला तर मला वाटतं वजनात मारलं. कुणी बसवून चहा पाजला तर वाटतं आता काहीतरी मागणार. आमची ही होती तेव्हा म्हणायची, "तुमाला देवानं दोन कान जास्तीचे दिलेत, आन् ते पाठीला लावलेत." ती गेली. कान राहिले.

शेंगांचा हा खुळखुळाट आता परदेशात ऐकतात म्हणे. जिथं दिवसभर दिवे लावून बसावं लागतं अशा थंड मुलखातली माणसं तो कानाला लावून झोपतात. 'सामसूम' नावाची एक गाणाऱ्यांची जोडी आहे. रेवती आणि बसू. रेवती माझ्या थोरल्या भावाची मुलगी. भाऊ लवकर गेला, ती वहिनीच्या आणि माझ्या डोळ्यांसमोर वाढली. बसू म्हणजे बसवराज, आमच्या बांधाला बांध असलेल्या शरणप्पाचा मुलगा. त्यांच्या घरात कानडी, आमच्यात मराठी, आणि भांडण झालंच तर दोघांची दखनी. त्या दोघांची पहिली गाणी आमच्या रानात झाली. पुण्याच्या एका मासिकात त्यांच्याबद्दल मोठा लेख आला होता. त्यात लिहिलं होतं की गावानं त्यांच्या आवाजाला भानामती ठरवलं आणि त्यांना गाव सोडावं लागलं.

गावानं, असं लिहिलं होतं. ते बरोबर नाही. म्हणून मी हे लिहायला बसलो आहे.

आमचं रान कर्नाटकात, मादन हिप्परग्याच्या अलीकडं, आळंदच्या वाटेला आहे. रस्त्यानं गाणगापूरला जाणाऱ्या महाराष्ट्राच्या गाड्या दिसतात. थंडीत सकाळी धुई पडते, म्हणजे दाट धुकं, आणि मग गाड्यांचे नुसते दिवे दिसतात. धुई पडली की तुरीचा फुलोरा गळतो. त्यामुळं आमच्याकडं धुक्याचं कौतुक कुणी करत नाही. धुक्यावर गाणं रचायचं तर लांबच. रेवतीनं रचलं. गाण्यांच्या पहिल्या संचाचं नावच 'धुई'.

त्या हिवाळ्यात बसू कलबुर्गीहून शिक्षण संपवून आला होता. नोकरी नव्हती. एक जुना कीबोर्ड होता, त्याच्या काही पट्ट्या मेलेल्या. रेवती घरीच होती, स्थळं बघणं चाललं होतं. एक दिवस ती माझ्याकडं आली.

"काका, तुमची जुनी पेटी देता का?"

मी गुरुवारच्या भजनात पेटी वाजवतो. जुनी पेटी माळ्यावर पडली होती.

"तिचा भाता फाटलाय की गं. सूर धरला की फुसफुसती."

"फुसफुसनारीच पायजे."

"कामून?"

"ती श्वास घेती म्हनून."

मी पेटी दिली. पण धड वस्तू सोडून फाटकी वस्तू कोण मागतं? त्याच दिवशी माझ्या मनात संशयाची खुंटी ठोकली गेली.

रानातल्या खोलीत धान्याची पत्र्याची कोठी होती, माणसाहून उंच. तूर निघायच्या आधी ती रिकामी असते. तिच्या खालच्या झरोक्यात तोंड घालून रेवती गायची. आवाज पत्र्याला घासून वर चढायचा, वरून परत यायचा आणि बाहेर पडेपर्यंत तो तिचा राहिलेला नसायचा. जमिनीखालून कुणी बाई हाक मारतेय असं वाटायचं. त्याच्या खाली माझ्या पेटीचा एकच खर्जातला सूर, भाता संपेपर्यंत धरलेला. ठेक्याला तबला नाही, ढोलकी नाही. वाळलेल्या तुरीची पेंढी बसू हलवायचा.

मी बसूला विचारलं होतं, "हे कसलं गानं रं?"

"अप्पा, ह्याला डार्कवेव्ह म्हनत्यात."

"म्हंजे?"

"अंधारातली लाट."

"आपल्याकडं समुद्र कुठाय?"

"अंधार हाय की," बसू म्हणाला.

आम्ही दोघंही हसलो. पण मी हसता हसता त्याच्या चेहऱ्याकडं बघत होतो. एक तरणं पोरगं आणि एक लग्नाची मुलगी रोज सांजेला रानातल्या खोलीत जातात, आणि सांगतात की गाणं करतो. माझ्या वयाच्या माणसानं दुसरं काय समजायचं? सरळ विचारायची छाती नव्हती. विचारलं आणि ते 'व्हय' म्हणाले तर? शरणप्पाचं आणि माझं पाणी एका विहिरीचं.

म्हणून एका सांजेला मी खोलीमागं जाऊन उभा राहिलो. तिथं तुराट्यांचा ढीग होता. फटीतून आत दिसत होतं. रेवतीचं डोकं कोठीत. बसू तिच्याकडं पाठ करून, कानाला यंत्र लावून वायरी जुळवतोय. दाराशी उंबऱ्यावर वहिनी बसली होती, चहाची किटली घेऊन. ती रोज त्यांना चहा घेऊन जायची, हे मला ठाऊकसुद्धा नव्हतं. दोन पोरं, एक आई आणि एक किटली. एवढंच होतं तिथं.

एवढं डोळ्यांनी बघून संशय जायला पाहिजे होता. माझा गेला नाही. मला वाटलं, आज वहिनी आहे म्हणून असे बसलेत. तुराट्यांची धूळ घशात गेली, खोकला आला. मी तोंडात टॉवेल कोंबला, तरी एकदा निघालाच. आत सूर चालूच होता. कुणी बाहेर आलं नाही. मी बांधाबांधानं घरी आलो.

आता जे सांगायचं ते सांगतो.

त्याच दिवसांत गावात कुणाचं वासरू मेलं, एका सुनेला झटके येऊ लागले. रस्त्यानं येणाऱ्या-जाणाऱ्यांनी आमच्या रानातला आवाज ऐकला होता. भानामती हा शब्द आमच्या भागात मोठ्यानं कुणी उच्चारत नाही. नुसतं 'बाहेरचं' म्हणतात आणि गप्प होतात. देवळाच्या कट्ट्यावर एकानं मला विचारलं, "तुमच्या रानात सांजच्याला कोन रडायलंय?"

माझी पेटी आहे, माझी पुतणी गातेय, या आणि ऐका. एवढं वाक्य होतं. ते माझ्या तोंडात आलं होतं. पण मनात म्हटलं, बरं झालं. मी जे बोलू शकत नाही ते भीती करील. लोक तिकडं फिरकणार नाहीत, पोरं घाबरतील, सांजेचं जाणं बंद होईल. मी म्हणालो, "मला काय ठाऊक."

तो म्हणाला, "तिकडं कोन जातंय?"

मी म्हणालो, "वैनी जाती."

खोटा एकही शब्द नव्हता ह्यात, असं मी पुढं कितीतरी वर्षं स्वतःला सांगत आलो. वहिनी जायचीच. किटली घेऊन.

भीती सोडताना मला वाटलं होतं ती पोरांवर जाऊन बसेल. ती विधवा बाईवर जाऊन बसली. तिच्या अंगावर कुणी धावून आलं नाही, दगड पडले नाहीत. आमचं गाव तसं सभ्य आहे. एवढंच झालं की वहिनीकडं विरजण मागायला कुणी येईना. तिच्या दह्याला गल्लीत नाव होतं. कवडी पडायची अशी. रोज सकाळी कुणाची ना कुणाची वाटी दारात असायची. त्या थांबल्या. मग येळवसेला तिच्या खोपीत कुणी जेवायला फिरकेना. येळवस म्हणजे आमची थंडीतली अवस. त्या दिवशी गाव रिकामं आणि रान भरलेलं. कडब्याची खोप करायची, आत पाच पांडव म्हणून पाच दगड मांडायचे, शेंगादाण्या-भाज्यांची एकत्र शिजवलेली भज्जी आणि आंबील, आणि रस्त्यानं जाणाऱ्या परक्यालाही ओढून जेवायला बसवायचं. त्या वर्षी वहिनीची आंबील गाडग्यात तशीच राहिली. पुढं राशीच्या वेळी, म्हणजे खळ्यावर तूर मोजताना, कुणीतरी हळूच म्हणालं, "अक्का बांधावरच बसू द्या." ती बांधावर बसली. मी राशीपाशी उभा होतो. मी मान खाली घालून दाणे निवडत राहिलो. राशीत निवडण्यासारखं काही नव्हतं.

पोरं गेली. आधी कलबुर्गी, मग पुणे, मग बसू बंगळुरूला. वहिनी गेली नाही. "माझं घर हितं हाय," एवढंच म्हणाली.

त्यांची गाणी मी फोनवर ऐकतो. सुनेनं शिकवलं. पहिला संच मी चोरासारखा ऐकला, कारण प्रत्येक गाण्यात माझं नाव येईल अशी धास्ती. आलं नाही. पुण्यात केलेल्या दुसऱ्या संचात यंत्राचा ठेका आला, पिठाच्या गिरणीसारखा न थकणारा. रेवतीचा आवाज मागं गेला, शेजारच्या खोलीत दार लावून गातेय असा. शब्द कळत नाहीत. मला वाटायचं, मुद्दाम कळू देत नाहीत. माझी पेटी त्यात नव्हती. पुन्हा पुन्हा ऐकल्यावर सापडली. सूर काढून टाकला होता आणि नुसती भात्याची फुसफुस लांबवत नेली होती, पार गाणं संपेपर्यंत. गाण्याच्या तळाशी कुणीतरी झोपलेलं आहे आणि श्वास घेतंय. मी पेटीवाला माणूस, मला सुरातलं कळतं. पण सूर काढून घेतल्यावर जे उरतं त्याची मला भीती वाटली.

तिसऱ्या संचात रेवती गातच नाही म्हटलं तरी चालेल. बसूची जाड तारांची गिटार विहिरीत दगड टाकल्यासारखी एकेक स्वर टाकते, आणि मधे लांबच लांब काही नाही. लोकांना हाच संच सगळ्यात आवडला. मी त्या रिकाम्या जागांत कान लावून बसायचो. आता कुणी बोलेल, आता बोलेल. कुणी बोलायचं नाही. ती जागा कुणासाठी सोडली आहे, असा विचार मनात आला की मी फोन बंद करून गोठ्याकडं जायचो. गोठ्यात जनावर नाही. तरी जायचो.

मधल्या काळात दोघांची लग्नं झाली. वेगवेगळ्या ठिकाणी. बसूच्या लग्नात मी रेवतीवरच नजर ठेवून होतो. कुठं डोळा ओला दिसतो का, कुठं मान वळते का. ती शरणप्पाच्या बायकोकडून गव्हाची गोड हुग्गी पुन्हा पुन्हा वाढून घेत होती आणि नवऱ्याला म्हणत होती, "तूप सोडा वरनं, लाजायलाव कामून?" नवरा मास्तर आहे, साधा. त्याला विचारलं, बायकोची गाणी आवडतात का? म्हणाला, "काका, मी घरात असताना मला ऐकावं लागू नये म्हणून ती हेडफोन लावते, एवढं प्रेम आहे आमचं." एवढ्या वर्षांत त्या दोघांत गाण्याशिवाय काही नव्हतं, हे मला त्या मांडवात पटलं. पटलं तेव्हा मी हुग्गीची वाटी बाजूला सारली. ज्यासाठी मी वहिनीला बांधावर बसवलं, ते कधी नव्हतंच.

तरीही मी बोललो नाही. आता बोलून काय होणार, असं म्हणालो. वहिनी दर येळवसेला माझ्याकडं भज्जीचं पातेलं पाठवायची. मी खायचो. तिला काही ठाऊक नाही ह्या भरवशावर खायचो.

ह्या येळवसेला दोघं आली. वहिनीच्या खोपीत आम्ही चौघंच. शेजारच्या रानांतून हसणं ऐकू येत होतं, माणसं ह्या खोपीतून त्या खोपीत जात होती, आमची वाट तेवढी टाळून. जेवण झालं. रेवतीनं फोन काढला, कानातलं यंत्र माझ्या हातात दिलं.

"काका, नवीन हाय. अजून कुनाला ऐकवलं न्हाई."

ह्या वेळी आवाज जवळ होता. ना कोठी, ना बंद दार. आपल्या बोलीतले साधे शब्द, उंबऱ्यावर बसून गावेत तसे. मागं माझ्या पेटीचा तो जुना सूर, बसूनं जुन्या नोंदीतून उचललेला. तुरीची खुळखुळ. आणि सूर संपता संपता एक खोकला. दाबलेला. तोंडात कापड कोंबल्यासारखा.

मी यंत्र काढलं. 

"ह्यो खोकला कुनाचा?"

"तुमचा," रेवती म्हणाली. "पयल्या संचातबी हाय. बारीक. दुसऱ्यातबी हाय, तिसऱ्यातबी. हर बारी आमी ठेवला."

"कामून?"

बसू खाली बघून म्हणाला, "तालात आला हुता, अप्पा."

कुणी हसलं नाही, तोही हसला नाही.

म्हणजे त्यांना पहिल्यापासून ठाऊक होतं. मी तिथं उभा होतो, आवाज कशाचा ते मी डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि तरी कट्ट्यावर 'मला काय ठाऊक' म्हणालो, हे गल्लीतून त्यांच्या कानावर गेलंच असणार. ते माझी पाळत घेऊन देशोदेशी फिरत होते, आणि मी फोनला कान लावून त्यांच्यावर पाळत ठेवत होतो.

"मग बोललाव का न्हाई? गावाला सांगायचं. त्या मासिकवाल्याला सांगायचं."

रेवतीनं आईकडं बघितलं. वहिनी गाडग्यातली आंबील ढवळत होती. तिनं मान वर केली नाही.

"मीच नको म्हनलं," ती म्हणाली. "घरातल्या मानसाला गावापुढं कामून उघडं पाडू? म्हनलं, भावजी बोलतील कवा तरी." मग पळी बाजूला ठेवून, "लई येळ लावलाव."

तिनं मला आंबील दिली. मी प्यालो. कशी लागली ते आठवत नाही.

येळवसेनंतर तूर निघाली. आता यंत्रानं मळणी होते, पोती थेट वजनकाट्यावर जातात. तरी आमच्याकडं राशीची पहिली काही मापं हातानं मोजायची रीत आहे. खळ्यावर चपला घालून यायचं नाही. पहिल्या मापाला 'एक' म्हणायचं नाही, 'लाभ' म्हणायचं. आणि माप चालू असताना कुणी अवाक्षर बोलायचं नाही. बोललं तर बरकत जाते म्हणतात. सगळ्या वर्षात गावची एवढी माणसं एका जागी गप्प उभी राहतात ती तेवढ्याच वेळेला.

माप शरणप्पाच्या हातात होतं, दरसाल असतं. मजूर, शेजारी, दोघंतिघं कट्ट्यावरचे म्हातारे, पलीकडं बायका. वहिनी बांधावर. रेवती आणि बसू तिच्याजवळ. शरणप्पानं पहिलं माप भरलं, हातानं सपाट केलं आणि म्हणाला, "लाभ." पोत्यात दाणे पडले. दुसरं माप राशीत घातलं.

"त्या सालचा आवाज माझ्या पेटीचा हुता," मी म्हणालो.

सगळ्या माना वळल्या. 

"कोठीत रेवती गात हुती. बसू वाजवत हुता. मी बगितलंतं. कट्ट्यावर मला इचारलं तवा मी ठाऊक न्हाई म्हनलो, आन् वैनीचं नाव घेतलं. वैनी चा घेऊन जायची. बाहेरचं काय बी नव्हतं. माझ्या मनातलं हुतं."

शरणप्पाचं माप अर्ध्यावर थांबलं होतं. त्यानं माझ्याकडं बघितलं, मग मुलाकडं. शेवटी मापातले दाणे परत राशीत ओतले.

"मापाच्या येळी बोलायचं नसतंय, अण्णा," तो म्हणाला. "आता पुन्यांदा लाभापासनं."

"मोज. पर आदी वैनीला येऊ दे."

मी बांधाकडं बघितलं. वहिनी उठली. तिनं चपला काढल्या, एकीवर एक नीट ठेवल्या, आणि कुणाकडं न बघता खळ्यावर आली. बायकांतली एक मागं सरकली. वाट द्यायला की भिऊन, ते मी सांगू शकत नाही. वहिनी राशीपाशी उभी राहिली. शरणप्पा म्हणाला, "लाभ."

त्या दिवशी मला कुणी शिवी दिली नाही. कुणी पाठीवर हातही ठेवला नाही. कट्ट्यावर मी गेलो की विषय बदलतो. काहींना वाटतं म्हाताऱ्याचं डोकं फिरलं, काहींना वाटतं पुतणीला नाव मिळालं म्हणून आता सारवासारव करतोय. संशय असा एका दिवसात निघत नाही, हे माझ्याइतकं कुणाला ठाऊक? मी स्वतः अजून विचार करतो, राशीच्या वेळी रेवतीच्या हातात फोन होता, तो चालू होता का? मी विचारलं नाही. पुढच्या संचात कळेल.

दोघं परत गेल्यावरही वहिनीच्या दारात वाटी आली नाही. मी रोज सकाळी बघत होतो. मग एक दिवस सुनेला न सांगता वाटी घेऊन मीच गेलो.

वहिनी चुलीपाशी होती. वाटी बघून म्हणाली, "तुमच्याकडं म्हैस कुठाय?"

"दूध इकत आनलंय."

तिनं माझ्या हातातून वाटी घेतली. मग शिंक्यावरचं गाडगं काढलं, चमचाभर दही वाटीत घातलं. कवडी तशीच पडली होती. इतकी वर्षं ती कुणासाठी लावत होती, कुणास ठाऊक.

"झाकून न्या," ती सवयीनं म्हणाली. पांढरं उघड्यावर न्यायचं नसतं आमच्यात, दृष्ट लागते.

"न्हाई," मी म्हणालो. "उघडंच नेतो."

नळावर पाणी आलं होतं. सगळ्या गल्लीच्या बायका घागरी लावून उभ्या होत्या. मी वाटी छातीशी धरून त्यांच्या मधून चाललो. बोलणी थांबली. मधेच खोकला आला. तो मी दाबला नाही.